तक्रार दिली आणि वाट बघत बसलो: या चुका टाळा

सकाळचे साडेनऊ. इंदूरच्या सुदामा नगरातल्या मामींच्या स्वयंपाकघरात पोहे भिजवलेले, कढईत मोहरी तडतडतेय आणि फोन वाजला. एका हातात झारा, दुसऱ्यात फोन. "जी, जी… हाँ हाँ, ठीक है," एवढं बोलून मामींनी फोन ठेवला. संध्याकाळी मेसेज आला की तुमच्या संमतीने तक्रार बंद केली आहे. मामा गेल्यावर घर आपल्या नावावर चढावं म्हणून मामींनी दिलेला अर्ज मात्र सरकारी कचेरीतल्या त्याच टेबलावर होता. आठ महिने झाले होते.

"मामी, तुम्ही त्यांना सांगितलंत तरी काय?"

"अरे, काम होऊन जाईल म्हणाला तो. इतक्या अदबीनं बोलत होता, नाही कसं म्हणायचं?"

आपल्या मराठी घरांतली ही सगळ्यात महाग पडणारी सभ्यता. मध्यप्रदेश सरकारची तक्रारींसाठीची सीएम हेल्पलाइन, म्हणजे १८१, २०१४ पासून सुरू आहे. तक्रार आधी सगळ्यात खालच्या, एल-१ अधिकाऱ्याकडे जाते, मुदतीत निकाली निघाली नाही की एकेक पायरी करत एल-४ पर्यंत चढते. खालच्या टेबलाला ती वर जायला नको असते, म्हणून तो फोन इतका गोड असतो. "होऊन जाईल" म्हणजे झालेलं नाही. आदेशाची प्रत हातात पडेपर्यंत "मी संतुष्ट नाही" यापलीकडे एक शब्द बोलू नका. मामींच्या फ्रिजवर आता चिठ्ठी आहे: "काम नहीं हुआ. आदेश की कॉपी नहीं मिली." फोन आला की तेवढंच वाचून दाखवतात.

दुसरी चूक पावतीची. मंगळवारी जनसुनवाईला, म्हणजे साहेब लोकांच्या तक्रारी समोर बसून ऐकतात तिथे, जायचं, साहेबांच्या हातात अर्ज द्यायचा, साहेबांनी मान डोलावली की राजवाड्यावर कचोरी खाऊन घरी. सहा महिन्यांनी उशीर झाला म्हणून भांडायचं, तर मोजायचं कुठल्या तारखेपासून? अर्ज आवक-जावकमध्ये नोंदवून घ्या, आपल्या प्रतीवर शिक्का, नंबर आणि तारीख घ्या.

काम लोकसेवा गारंटीत, म्हणजे ठरलेल्या मुदतीत सरकारी सेवा देण्याच्या कायद्यात, बसत असेल, तर लोक सेवा केंद्रातूनच अर्ज करा. २०१० साली असा कायदा करणारं मध्यप्रदेश हे देशातलं पहिलं राज्य. सेवा कोणत्या तारखेपर्यंत मिळायला हवी ते तिथल्या पावतीवर छापून येतं. एक मेख आहे: कागद अपुरे असतील तर पावतीवर तसं लिहितात आणि तारीख टाकत नाहीत. म्हणजे घड्याळ सुरूच झालेलं नसतं आणि आपण मात्र दिवस मोजत बसतो. पावती खिडकीवरच वाचा, घरी येऊन नव्हे. तारीख उलटली की तीस दिवसांत पहिलं अपील आणि त्याच्या निर्णयानंतर साठ दिवसांत दुसरं. विनाकारण उशीर करणाऱ्या अधिकाऱ्याला रोज २५० रुपये, जास्तीत जास्त ५,००० रुपये दंड होऊ शकतो. रक्कम किरकोळ वाटेल, पण पगारातून कापली जाणार म्हटल्यावर फाइल हलते.

खरी घातक चूक पुढची आहे. लोकांना वाटतं, तक्रार चालू आहे ना, मग कोर्टाची मुदत थांबली असेल. थांबत नाही! कायद्यात तरतूद नसलेली निवेदनं कितीही दिली तरी दाव्याची मुदत वाढत नाही, असं १९८९ साली सुप्रीम कोर्टाच्या सात न्यायाधीशांच्या पीठाने सांगितलं, आणि ते प्रकरण आपल्या मध्यप्रदेशातल्याच एका सरकारी कर्मचाऱ्याचं होतं. ग्राहक आयोगात जायला दोन वर्षं असतात, पैशांच्या बहुतेक दाव्यांना तीन. त्यातली दीड वर्षं स्मरणपत्रं लिहिण्यात गेली तर ती गेलीच. सरकारवर दिवाणी दावा लावायचा असेल तर सहसा आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची नोटीस देऊन दोन महिने थांबावं लागतं. तक्रार जरूर करा, पण मुदतीची शेवटची तारीख पहिल्याच दिवशी वकिलांना विचारून कॅलेंडरवर लिहा.

आणि एकदा का प्रकरण कोर्टात गेलं, की तोच विषय १८१ वर किंवा केंद्राच्या तक्रार पोर्टलवर घालू नका. न्यायप्रविष्ट म्हणून परत येतो.

माहिती अधिकाराचा अर्ज बरेच जण रागात लिहितात. "माझं काम का झालं नाही?" असल्या 'का'ला उत्तर द्यायला ते बांधील नसतात, जे कागदावर आहे तेवढंच मागता येतं. म्हणून नोटशीट, म्हणजे फाइलीवरचे शेरे, मागा आणि असं लिहा: "माझ्या अमुक नंबरच्या अर्जावरील नोटशीटची प्रत, तसेच हा अर्ज कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत कोणाकडे होता ती नोंद." दहा रुपयांत, तीस दिवसांत, उशीर कोणाच्या टेबलावर झाला ते त्यांच्याच अक्षरात मिळतं. अपिलाला याहून चांगला पुरावा मी तरी पाहिला नाही.

कोर्टातल्या उशिराचं काय? इथे आपण फारच भाबडे. दिवाणी प्रक्रिया संहितेत एका पक्षाला तीनपेक्षा जास्त तहकुबी देऊ नये असं लिहिलंय. पण ही मर्यादा अगदी पोलादी नाही, हे सुप्रीम कोर्टाने २००५ मध्ये स्पष्ट केलं. तेव्हा कलम तोंडावर फेकून काही होत नाही. समोरच्याने पुन्हा तारीख मागितली की आपल्या वकिलांना सांगा, विरोध तोंडी नको, ऑर्डरशीटवर, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या नोंदीत, लिहून घ्या आणि खर्च मागा. दरवेळी "ऐतराज नहीं" म्हणून सोडलं, तर पाच वर्षांनी शीघ्र सुनावणीच्या अर्जात दाखवणार काय? ऑर्डरशीटवर तुमचीही संमतीच दिसेल.

"वकीलसाहेब बघतील" म्हणून पेशीला, म्हणजे कोर्टाच्या तारखेला, न जाणं हेही त्यातलंच. केसचा सोळा आकडी-अक्षरी सीएनआर नंबर ई-कोर्ट्स ॲपमध्ये टाकून ठेवा, पुढची तारीख मोबाइलवर दिसते. तुम्ही वादी असाल, आणि प्रतिवादी हजर असताना तुमच्या बाजूचं कोणीच उभं राहिलं नाही, तर दावा 'अदम पैरवी'त, म्हणजे चालवायला कोणी नाही म्हणून, खारिज होऊ शकतो. तो पुन्हा उभा करायला तीस दिवसांत अर्ज द्यावा लागतो, गैरहजेरीचं सबळ कारण दाखवून. तीस दिवस उलटल्यावर कळलं तर आधी झालेल्या उशिराची माफी मागायची, मग मूळ अर्ज. दोन्हींना वेगळ्या पेश्या.