निक्कोची एका दिवसाची सहल : या चुका टाळा

गेल्या ऑक्टोबरात सांगलीहून मावशी आणि काका आमच्याकडे टोकियोला आले होते. मला सुट्टी मिळेना, म्हणून दोघांना निक्कोच्या एका दिवसाच्या बससहलीत बसवून दिलं. गाइड, जेवण, तिकिटं, सगळं त्यातच. रात्री साडेनऊला परतली ती पार थकून. मावशी म्हणाली, "छान होतं रे सगळं, पण नक्की काय बघितलं ते विचारू नकोस." घाटात दोन तास बस अडकली, धबधब्यावर धुकं होतं, आणि ज्या देवस्थानासाठी जगभरातून लोक येतात तिथे हातात आली पन्नास मिनिटं.

ती सहल मी निवडली होती, आणि ज्या जाहिरातीत ठिकाणांची यादी सगळ्यांत लांब होती तीच निवडली होती. त्यानंतर वेगवेगळ्या पाहुण्यांबरोबर मी स्वतः तीनदा निक्कोला जाऊन आलो. जे कळलं ते सगळं इथे लिहितो आहे, कारण भारतातून येणारी बरीच मंडळी याच चुका करतात आणि त्यातल्या बहुतेक घरबसल्या टाळता येतात.

लांब यादी बघून भुलू नका

आधी हिशेब मांडा. निक्को टोकियोच्या उत्तरेला, रस्त्याने सुमारे १४० किलोमीटरवर. सकाळी आठला निघालेली बस साडेदहाच्या आसपास पोहोचते आणि साधारण चारला परत फिरते. हातात उरले साडेपाच तास. त्यातला एक तास जेवणाचा. देवस्थानाचा परिसर आणि वरचं चुझेंजी सरोवर यांच्यामध्ये घाट आहे, जाऊन येऊन दीड तास तरी धराच. म्हणजे पायांनी फिरायला आणि डोळ्यांनी बघायला तीन तास. या तीन तासांत जाहिरातीने पाच ठिकाणं बसवली असतील, तर त्यातली दोन बसच्या काचेतूनच दिसणार.

म्हणून पैसे भरण्याआधी एकच प्रश्न विचारा : तोशोगूमध्ये, म्हणजे निक्कोच्या मुख्य देवस्थानात, नेमका किती वेळ मिळणार? दीड तासाच्या खाली उत्तर आलं तर ती सहल सोडून द्या. तोशोगू आणि केगोन धबधबा एवढ्या दोनच गोष्टी नीट दाखवणारी सहल मला सगळ्यांत चांगली वाटते. काही सहलींत निक्कोबरोबर फुलांची बाग किंवा खरेदीचं दुकानही जोडलेलं असतं. तो वेळ देवस्थानातूनच कापला जातो.

"गाइडसह" या शब्दाचीही खात्री करून घ्या. कधी त्याचा अर्थ असतो मोबाइलवर ऐकायचं ध्वनिमुद्रण, कधी एकच गाइड आधी चिनी आणि मग इंग्रजीत सांगत असतो. जपानमध्ये दुभाषी-गाइडची सरकारी परीक्षा असते, पण २०१८ पासून परवाना नसलेल्यांनाही पैसे घेऊन हे काम करायला परवानगी आहे. परवाना नसलेला गाइड वाईटच असतो असं मुळीच नाही. पण निक्कोत न सांगता दिसणारं फार थोडं आहे, म्हणून विचारलेलं बरं. आणखी एक : पुरेशी माणसं जमली नाहीत तर सहल रद्द होऊ शकते. कमीत कमी किती प्रवासी लागतात आणि रद्द झाल्याचं किती दिवस आधी कळवतात, हे आरक्षणाच्या पानावर खाली बारीक अक्षरांत असतं. ते वाचून मगच पुढची तिकिटं काढा.

घाट आणि धुकं

चुझेंजीला चढणाऱ्या घाटाचं नाव इरोहाझाका. 'इरोहा' म्हणजे जुन्या जपानी मुळाक्षरांचा क्रम. चढायचा रस्ता वेगळा, उतरायचा वेगळा, आणि दोन्ही मिळून वळणं ४८, अक्षरांइतकीच. प्रत्येक वळणावर त्या त्या अक्षराची पाटी आहे. मुलं सोबत असतील तर त्यांना पाट्या मोजायला लावा, घाट सुखात जातो.

वरच्या सरोवराकाठी पानं लाल होतात ती साधारण ऑक्टोबरच्या मध्यानंतर, खाली देवस्थानापाशी त्यानंतर पंधरवड्याने. या दिवसांत शनिवार-रविवारी घाट ठप्प होतो, अक्षरशः तासन् तास. सहल आठवड्याच्या मधल्या वारी घ्या. ते जमत नसेल तर नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात जा आणि रंग खालीच बघा. ज्यांना गाडी लागते त्यांनी गोळी टोकियोहून निघताना घेऊ नये, घाट सुरू व्हायच्या अर्धा तास आधी घ्यावी, आणि शक्यतो पुढच्या सीटवर बसावं. आंबोलीच्या घाटात ज्याला त्रास होतो त्याला इथेही होणार. वाटेत माकडं दिसली तरी काच खाली करून खायला देऊ नका, इथे त्याला बंदी आहे.

चुझेंजी सरोवर १,२६९ मीटर उंचीवर आहे, म्हणजे जवळपास आपल्या महाबळेश्वराएवढं. नान्ताई डोंगराच्या ज्वालामुखीचा लाव्हा सुमारे वीस हजार वर्षांपूर्वी खोऱ्यात उतरला, त्याने नदी अडवली आणि सरोवर झालं. त्याच सरोवराचं पाणी ९७ मीटरवरून कोसळतं तो केगोन धबधबा. टोकियोपेक्षा इथे सात-आठ अंशांनी थंड असतं, हे लोक विसरतात आणि एका शर्टावर येतात. काकांनी सगळा दिवस मावशीची शाल पांघरून काढला.

धुक्यावर उपाय नाही, पण पैसे वाया घालवू नका. धबधब्याजवळ वरचा सज्जा फुकट आहे. खडकातून शंभर मीटर खाली नेणाऱ्या लिफ्टला मात्र तिकीट लागतं. आधी वरून बघा. वरून पांढऱ्या भिंतीशिवाय काही दिसत नसेल तर तिकीट खिडकीवर विचारा आणि मगच ठरवा. दिसतच नसेल तर सरोवराकाठच्या चुझेंजी मंदिराकडे वळायची मुभा गाइडकडे मागा. तिथली सहस्रभुजा कान्नोन, म्हणजे आपला अवलोकितेश्वर, उभ्या झाडात कोरलेली आहे असं परंपरा सांगते, आणि ती धुक्यातही दिसते.

तीन माकडांपाशी थांबून राहणं

ही चूक मला सगळ्यांत जास्त टोचते. तोशोगू हे तोकुगावा इएयासूचं समाधिस्थान. जपान एका सत्तेखाली आणणारा हा शोगुन, म्हणजे लष्करी सत्ताधीश, १६१६ मध्ये वारला, पुढच्या वर्षी त्याला इथे आणलं, आणि नातू इएमित्सूने १६३६ मध्ये सगळं नव्याने, सोन्यारंगात उभारलं. आत शिरल्यावर लगेच डाव्या हाताला देवाच्या घोड्याचा तबेला लागतो. त्यावर ती तीन माकडं. गांधीजींमुळे आपल्याला ती घरची वाटतात, म्हणून आपली माणसं तिथे फोटोंसाठी वीस-वीस मिनिटं उभी राहतात.

फोटो काढा, पण एकच, आणि मग मान जरा वळवा. माकडांचे फलक एकूण आठ आहेत आणि त्यांत एक आयुष्य आहे. पहिल्या फलकावर आई डोळ्यांवर हात धरून पिलाच्या पुढच्या आयुष्याकडे बघते. दुसरा आपला ओळखीचा : लहानपणी वाईट बघू नये, ऐकू नये, बोलू नये. शेवटच्यावर तेच पिलू मोठं होऊन पोटुशी आहे, की गोष्ट पुन्हा पहिल्या फलकाकडे. जपानीत 'झारू' म्हणजे 'न करणं' आणि 'सारू' म्हणजे माकड. मिझारू, किकाझारू, इवाझारू ही नावं त्या श्लेषातून आली.

आता पाठ फिरवा. समोरच्या कोठारावर, वर छपराच्या त्रिकोणात दोन हत्ती आहेत. कानो तान्यू या चित्रकाराने हत्ती कधी पाहिला नव्हता. ऐकीव माहितीवर त्याने रेखाटन केलं, म्हणून कान वेगळेच आणि शेपट्याही वेगळ्याच. गणपती बघत वाढलेल्या माणसाला ते जितके जाणवतात तितके कुणालाच जाणवत नसतील. आणि माकडांपुढची सगळी गर्दी या हत्तींकडे पाठ करून उभी असते.

पुढे योमेइमोन दरवाजा. पाचशेहून जास्त कोरीव आकृत्या आहेत त्याच्यावर. त्याचं दुसरं नाव 'हिगुराशी नो मोन', बघता बघता दिवस मावळेल असा दरवाजा. मावशी-काकांच्या सहलीने त्याला सात मिनिटं दिली होती. तेवढ्यात निदान एक गोष्ट शोधा : बारा पांढऱ्या खांबांपैकी एकावरची नक्षी मुद्दाम उलटी कोरली आहे. वास्तू पूर्ण झाली की तिची पडझड सुरू होते, तेव्हा तिला थोडी अपुरी ठेवायची, ही त्यामागची समजूत. आपण बाळाच्या गालाला तीट लावतो, तसंच. मावशीला मी नंतर फोटोत तो खांब दाखवला तेव्हा ती कितीतरी वेळ बघत बसली. तिथे उभी असताना कुणीतरी सांगायला हवं होतं.

उजवीकडच्या दारावर झोपलेली मांजर आहे, तळहाताएवढी. लोक तिचा फोटो काढून दाराखालून पुढे जातात. दार ओलांडलं की वळून वर बघा, तिच्या पाठीमागे चिमण्या कोरल्या आहेत. मांजर झोपली आहे म्हणून चिमण्या बागडताहेत, युद्धं संपल्याची खूण. इथून समाधीपर्यंत २०७ दगडी पायऱ्या. गुडघे दुखत असतील तर इथेच थांबा, मांजर आणि चिमण्या बघून परत फिरलात तरी हरकत नाही. वाचलेल्या वेळात याकुशिदो या इमारतीत जा. तिथे छतावर ड्रॅगन रंगवला आहे. पुजारी त्याच्या डोक्याखाली दोन लाकडी ठोकळे एकमेकांवर आपटतात आणि छतातून घंटेसारखी थरथर उतरते. बाजूला सरकून आपटले की नुसता कोरडा आवाज. आत फोटो काढता येत नाहीत, आणि बूट बाहेर काढावे लागतात.

टाळी कुठे वाजवायची

इथे शिंतो देवस्थान, म्हणजे जिंजा, आणि बौद्ध मंदिर, म्हणजे ओतेरा, शेजारी शेजारी आहेत. एके काळी दोन्ही एकच होती, १८६८ मध्ये मेइजी सरकारने हुकूम काढून ती वेगळी केली. तोरी कमान असलेल्या जिंजात दोनदा वाकायचं, दोनदा टाळी, मग एकदा वाकायचं. रिन्नोजी हे बौद्ध मंदिर, तिथे टाळी नको. शांतपणे हात जोडा, आपल्याला ते शिकवावं लागत नाही. रिन्नोजीच्या सान्बुत्सुदो दालनातल्या तीन सोनेरी मूर्तींपुढे थोडं थांबाच. सहस्रभुजा कान्नोन, अमिदा म्हणजे अमिताभ, आणि घोड्याचं मस्तक धारण केलेली कान्नोन, म्हणजेच हयग्रीव. प्रत्येक मूर्ती निक्कोच्या एकेका डोंगराची मानतात.

शाकाहारी लोकांची फसगत

निक्कोचा खास पदार्थ युबा. सोयाबीनचं दूध तापवताना वर येणारी साय. तेवढं ऐकून शाकाहारी माणूस निर्धास्त होतो. युबा शाकाहारीच असतो, पण तो ज्या रश्शात येतो त्याला 'दाशी' म्हणतात आणि ती बहुतेक वेळा वाळवलेल्या बोनिटो माशाची असते. "मांस नाही ना?" असं विचारलं तर प्रामाणिकपणे "नाही" असंच उत्तर येतं, कारण त्यांच्या लेखी दाशी म्हणजे मांस नव्हे. म्हणून प्रश्न असा विचारा : दाशीत मासा आहे का? कडक शाकाहारी असाल तर आरक्षण करतानाच लेखी कळवा आणि जमलं नाही तर दशम्या-चटणी सोबत ठेवा. बसमध्ये खायला चालतं का, ते गाइडला विचारून घ्या. कचरापेटी शोधू नका, सापडत नाही. एक पिशवी आणा आणि कचरा परत घेऊन या.

मोजे धड असू द्या, सुटी नाणी ठेवा. गोशुइन, म्हणजे कुंचल्याने लिहून दिलेलं देवस्थानाचं नाव आणि शिक्का, हवं असेल तर त्यासाठीची खास वही लागते, साध्या वहीत देत नाहीत. रांग लांब असली तर आधीच लिहून ठेवलेला कागद मागा.

जमण्याची जागा, आणि बस चुकलीच तर

टोकियोतल्या शिंजुकू स्टेशनला बाहेर पडायचे दोनशेहून जास्त मार्ग आहेत. "शिंजुकूला आठ वाजता" एवढ्यावर निघू नका. आदल्या संध्याकाळी जाऊन जागा बघून या, ते जमत नसेल तर अर्धा तास आधी पोहोचा. बस आठला म्हणजे आठलाच सुटते.

निक्कोत कुणी मागे राहिलं तर घाबरू नका. गाइडचा फोन नंबर आणि परतीच्या थांब्याचा फोटो प्रत्येकाच्या मोबाइलमध्ये हवा, फक्त घरातल्या मुलाच्या नव्हे. गाइडला फोन लागला आणि बस निघून गेलेली असली तरी वाट मोकळी आहे. चुझेंजीहून तोबू निक्को स्टेशनला नेहमीची बस येते, साधारण पाऊण तासात. रस्ता तुंबलेला असेल तर जास्त. स्टेशनवरून टोकियोतल्या असाकुसाला जाणारी लिमिटेड एक्स्प्रेस दोन तासांच्या आत पोहोचवते. तिला साध्या तिकिटाशिवाय वेगळं तिकीट लागतं, ते खिडकीवरच मिळतं. संध्याकाळची शेवटची थेट गाडी किती वाजता आहे, ते सकाळीच कागदावर लिहून आईवडिलांच्या खिशात ठेवा, आणि सोबत दहा हजार येनची एक नोट.