फाळक्यांवर लिहायचंय? आधी पैशाचा माग काढा

दादासाहेब फाळक्यांवर लेख लिहिताना जन्मात अडकू नका. त्र्यंबकेश्वर, १८७०, एका ओळीत उरका. माझ्या पहिल्या खर्ड्याची दोन पानं वंशावळीनंच खाल्ली होती.

निर्माता म्हटला की पहिला प्रश्न एकच: पैसा आणला कुठून? फाळक्यांनी विम्याची पॉलिसी गहाण टाकली, १९१२ साली लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणला. तरी भांडवल हवंच होतं. मग वाटाण्याच्या रोपाची वाढ थोडीथोडी टिपत गेले. पडद्यावर कोंब भराभरा वर आला आणि भांडवलदाराला पटलं! हा प्रसंग सावकाश रंगवा.

पुढे माणसांची जमवाजमव. राणी तारामतीच्या भूमिकेसाठी बाई मिळेना, म्हणून उपाहारगृहातल्या साळुंक्यांना लुगडं नेसवलं. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन चित्रपटगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंना तळटीपेत ढकलू नका (बरेच जण ढकलतात). फिल्मला छिद्रं पाडायची त्यांनी, वर सगळ्यांचा स्वयंपाकही त्यांचाच.

उतरता काळ गाळू नका: नाशिकच्या हिंदुस्थान फिल्म कंपनीत भागीदारांशी खटके, १९३७ चा एकुलता बोलपट ‘गंगावतरण’, १९४४ मध्ये नाशकातच अखेर.