जादूची लिपी बनवायचीय? आधी बोरू तासा

गोष्टीत किंवा गेममध्ये "अक्षर लिहिलं की जादू होते" असं काही टाकायचं असलं की बहुतेक जण आधी वळणदार चिन्हं काढत बसतात, वही भरते पण जादू नेमकी चालते कशी ते ठरलेलंच नसतं. उलटं करा. आधी लेखणी, शाई, कागद ठरवा, नियम त्यातूनच निघतात. आणि आपल्याकडे मोडी आहेच, 1950 च्या आसपासपर्यंत शाळेत शिकवायचे आणि आज बहुतेकांना एक ओळ वाचता येत नाही, म्हणजे अर्धं काम आयतंच झालंय. खालची "रेघकरी" परंपरा माझ्या डोक्यातली आहे, पण तिचा सगळा कच्चा माल खरा आहे.

लेखणीचा बोरू वाळलेला घ्या, टोक एकाच तिरक्या कापात उडवा, मधोमध बारीक चीर द्या म्हणजे शाई नीट उतरते. देवनागरीसाठी हा तिरकेपणा इंग्रजी अक्षरांच्या उलट्या बाजूला असतो, नाहीतर जाड-बारीक भलतीकडेच पडतं. टोक झिजतं, परत तासावं लागतं, बोरू आखूड होत जातो. झाला पहिला नियम, एका मंत्राला एक टोक. हातात बोरू उरलाय तेवढीच जादू, वेगळे पॉइंट्स मोजत बसायला नको.

शाईत दोन घराणी करा, भांडणं आपोआप होतात. काजळ आणि बाभळीचा डिंक घोटून केलेली शाई कागदाला काही करत नाही पण पाणी लागलं की पसरते. हिराकस (लोखंडाचा क्षार) आणि हिरड्याची शाई आधी फिकी दिसते, हवेत काळी होते, पक्की बसते, आणि वर्षानुवर्षांत कागदच खाते. म्हणजे काजळवाल्यांचा मंत्र पहिल्या पावसात गेला, हिराकसवाल्यांचा टिकतो पण ज्यावर लिहिला त्यालाच पोखरतो. मग दारावर लिहिला तर? माणसाच्या पाठीवर लिहिला तर? (हे दुसरं लहान मुलांच्या गोष्टीत नको.)

आता लिहिणं. मोडीत आधी आडवी रेघ पूर्ण मारून घ्यायची आणि मग अक्षरं तिला खालून लटकवत जायची, हात शक्यतो न उचलता. रेघकरी ती रेघ एका श्वासात ओढतो आणि मंत्र तेवढ्यातच बसवावा लागतो, एक अक्षर जरी रेघेबाहेर गेलं तरी ते लिहिणाऱ्याच्या अंगावर येतं. जुन्या मोडीत शब्दांमध्ये जागा सोडत नसत, विरामचिन्हंही नसत, आणि खरी मजा इथेच आहे. समजा छप्पर गळतंय म्हणून आढ्यावर लिहिलं, थांबनकोगळू. जादूने वाचलं "थांब, नको गळू" तर ठीक. तिने "थांब नको, गळू" असं तोडलं तर छप्पर गळतच राहणार, वर घरमालकाला मानेवर गळू. तर तुमचे मंत्र लिहून झाले की मित्राला द्या आणि मुद्दाम चुकीचे तोडायला सांगा, प्लॉट फुकटात मिळतात.

मंत्र संपवायचा कसा हे फार कमी लोक ठरवतात. शिवकालीन पत्रांच्या शेवटी छोटी मर्यादा मुद्रा असायची, "मर्यादेयं विराजते", म्हणजे मजकूर इथे संपला, खाली कोणी काही घुसडू नये. यासारखा शिक्का मंत्रालाही द्या. शिक्का नसला तर मंत्र उघडा, खाली कोणी एक ओळ वाढवली की तीही लागू. खलनायकाला तलवार कशाला, दोन शब्द पुरेत. फक्त शिवाजी महाराजांची मुद्रा जशीच्या तशी उचलू नका, वाईट दिसतं, आपला मजकूर बनवा.

प्रॉप म्हणून पानं छापायची असतील तर 2014 पासून मोडी युनिकोडमध्ये आहे, फॉन्ट मिळतात. पण फॉन्टमध्ये शाई कुठे संपत आली, हात कुठे अडखळला ते दिसत नाही, त्यामुळे ज्या पानावर मंत्र बिघडणार आहे निदान ते पान तरी बोरूनेच लिहा.