लग्नाची तारीख आगाऊ कळवणारे चुंबकी कार्ड निवडताना

तारीख आगाऊ कळवणारे चुंबकी कार्ड फ्रिजच्या दारावर काही महिने राहणार असल्याने, नक्षीच्या आधी त्याची पकड तपासावी. पूर्ण पाठीला चुंबक असलेले सुमारे ०.५ मिलिमीटर जाडीचे कार्ड सहसा स्वतःचे वजन नीट पेलते. कागदी कार्डामागे चिकटवलेला छोटा चुंबकी तुकडा मात्र स्वस्त असला, तरी कार्ड मोठे असल्यास ते हळूहळू घसरते. काही स्टेनलेस स्टीलच्या दारांना चुंबक चिकटतच नाही, म्हणून थोडी साधी कागदी कार्डेही छापून घ्यावीत.

मजकुरात दोघांची नावे, पूर्ण तारीख, गाव आणि ‘निमंत्रण नंतर पाठवत आहोत’ एवढेच असावे. तारीख दोन हात अंतरावरून वाचता आली पाहिजे. छायाचित्रावर अक्षरे छापायची असतील, तर त्यातला मोकळा, एकरंगी भाग निवडावा. चेहऱ्यावर तारीख छापलेली कार्डे मी पाहिली आहेत, आणि ती कोणालाच शोभत नाहीत.

सगळी कार्डे छापण्यापूर्वी एक नमुना मागवून तो पाकिटासह वजन करून घ्यावा, कारण चुंबकामुळे टपालखर्च वाढू शकतो. कार्डे लग्नाच्या सहा ते आठ महिने आधी पाठवावीत.