शेफ व्हायचंय? मग जाक पेपँचं करिअर नीट बघा

हॉटेल मॅनेजमेंटला अ‍ॅडमिशन घेतलेली मुलं मला पहिलं हेच विचारतात की ताई, टीव्हीवर यायचं तर काय करावं लागतं. मी त्यांना जाक पेपँ यांचं नाव सांगते. अमेरिकेत पब्लिक टीव्हीवर वर्षानुवर्षं दिसलेले फ्रेंच शेफ, टीव्हीवरच्या प्रसिद्ध अमेरिकन शेफ ज्युलिया चाइल्ड यांच्याबरोबरच्या मालिकेसाठी २००१ मध्ये एमी हा टीव्हीचा मोठा पुरस्कार मिळालेले. पण त्याआधीचं बघा ना.

जन्म १९३५ चा, फ्रान्समधल्या बूर्ग-आँ-ब्रेस गावचा. तेराव्या वर्षी शाळा सोडून गावातल्याच मोठ्या हॉटेलात अप्रेंटिस लागले आणि सुरुवातीला चुलीजवळ जायचीही परवानगी नव्हती. मग पॅरिसला प्लाझा आतेने हॉटेलात, मग लष्करी सेवेत असताना थेट फ्रान्सचे नेते द गॉल यांचे शेफ. १९५९ ला न्यूयॉर्क.

आता मला सगळ्यात जास्त आवडणारा भाग. केनेडींच्या व्हाइट हाउसमधलं काम चालून आलं होतं, ते सोडून हे गेले हॉवर्ड जॉन्सनकडे, म्हणजे हायवेवर ठिकठिकाणी रेस्टॉरंट असलेली साखळी. तिथे दहा वर्षं काढली, एखादी डिश आधी थोड्या पोर्शनवर बसवायची आणि मग तीच चव हजारो पौंडांच्या बॅचमध्ये आणायची. मी स्वतः बेस किचनमध्ये, म्हणजे मोठ्या प्रमाणावर स्वयंपाक होतो तिथे, काम करते म्हणून सांगते, दहा माणसांच्या रश्श्याचं मीठ नि पाणी शंभरने गुणलं की हजार माणसांचा रस्सा होत नाही, मोठ्या भांड्यात पाणी आटतंच कमी, आणि हे वर्गात बसून कळत नाही. नोकरी करता करता कोलंबिया युनिव्हर्सिटीतून बीए, एमएसुद्धा केलं त्यांनी.

१९७४ ला कारचा भयंकर अपघात झाला, हाडं मोडली, तासन् तास किचनमध्ये उभं राहणं संपलं. तेव्हा ते शिकवण्याकडे आणि लिहिण्याकडे जास्त वळले, १९७६ मध्ये 'ला टेक्निक' हे पुस्तक आलं ज्यात हातांचे फोटोच फोटो आहेत, आणि टीव्हीवर खरं नाव झालं ते त्यानंतर.

त्यांचं ऑम्लेट बघा एकदा. एका हाताने पॅन हलतोय, दुसऱ्या हातातला काटा अंडं भराभर ढवळतोय, बारीक मऊ दाणे धरले की पॅन तिरका करून गुंडाळी, वर एकही तपकिरी डाग नाही. आणि हे करताना ते आरामात बोलत असतात! हात एवढे तयार आहेत म्हणूनच तोंड मोकळं आहे, कॅमेऱ्यासमोर लागतं ते हेच.

तेव्हा आयटीला, म्हणजे हॉटेलातल्या इंडस्ट्रियल ट्रेनिंगला, गेलात की बँक्वेट (मोठ्या समारंभांचं जेवण) किंवा बुचरी (मांस कापायचा विभाग) मिळाली म्हणून तोंड पाडू नका, बदलूनही मागू नका. रोज घरी दोन अंडी फोडा, ऑम्लेट पांढरट-पिवळं राहीपर्यंत करत राहा. आणि पहिल्या पगारातून एक चांगली सुरी घ्या, धार स्वतः लावायला शिका.