ऑथॉरिटेटिव्ह शब्द वापरताना या चुका टाळा

शिक्षिकेसाठी इंग्रजीत शिफारसपत्र लिहिताना ‘बाईंची विषयावर उत्तम पकड आहे’ असं सांगायचं असतं आणि हात लिहून जातो ‘ऑथॉरिटेरियन’. वाचणाऱ्याला कळतं की बाई कुणाचं ऐकून घेत नाहीत. कौतुकाची तक्रार होते, म्हणून ही चूक मला सर्वांत गंभीर वाटते.

ऑथॉरिटेरियन म्हणजे हुकूमशाही वृत्तीचा, ‘मी सांगतो म्हणून करा’ म्हणणारा. ऑथॉरिटेटिव्ह म्हणजे ज्याच्या शब्दाला ज्ञानामुळे, अभ्यासामुळे वजन आहे असा. मराठीत आपण ‘अधिकारवाणीने बोलतात’ म्हणतो, तोच हा अर्थ.

पालकत्वावरच्या लेखांत तर दोन्हींसाठी सर्रास ‘अधिकारवादी पालक’ लिहिलेलं दिसतं. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ डायना बॉमरिंड यांनी १९६६ च्या लेखात या दोन प्रकारांतला फरकच तर मांडला होता! ऑथॉरिटेरियन पालक आज्ञापालन मागतात, प्रश्न विचारलेला त्यांना खपत नाही. ऑथॉरिटेटिव्ह पालकही नियम घालतात आणि पाळायला लावतात, पण नियमामागचं कारण सांगतात, मुलाचं म्हणणं ऐकतात. दोघांना एकच नाव दिलं, तर कोणता मार्ग धरायचा हे वाचणाऱ्या आईबापांना कसं कळणार? दुसऱ्यासाठी सरळ ‘ठाम पण समजूतदार पालक’ लिहावं.

दुसरी चूक ‘अधिकृत’ या भाषांतराची. अधिकृत म्हणजे ऑफिशियल किंवा ऑथोराइज्ड. त्यामागे कुणाची तरी मंजुरी असते. पां. वा. काणे यांचा धर्मशास्त्राचा इतिहास १९३० ते १९६२ या काळात पाच खंडांत आला. तो ऑथॉरिटेटिव्ह ठरला तो काण्यांच्या व्यासंगामुळे, कुणाच्या शिक्क्यामुळे नव्हे. अशा ग्रंथाला ‘प्रमाणभूत’ म्हणावं. उलट, कंपनीचं अधिकृत पत्रक चुकीच्या माहितीने भरलेलं असू शकतं.

मात्र आवाजाबद्दल बोलताना जरा जपून. ऑथॉरिटेटिव्ह आवाज म्हणजे ऐकणारा आपोआप लक्ष देईल असा ठाम, भारदस्त आवाज. तिथे ‘प्रमाणभूत’ बसत नाही.

स्पेलिंगमध्ये मधला ‘टे’ गळतो आणि ‘ऑथॉरिटिव्ह’ उरतं. आधी ऑथॉरि, मग टेटिव्ह, असं तोडून म्हटलं की तो सुटत नाही. उच्चारात जोर ‘थॉ’वर द्या.

अजूनही अडलात, तर वाक्यात ‘जाणकार’ घालून पाहा. अर्थ जुळला तर ऑथॉरिटेटिव्ह. ‘जुलमी’ जुळला तर ऑथॉरिटेरियन.