माहितीपटांतल्या नेत्याची चित्रसूची कशी करावी

नाशिकशी नातं असलेल्या एखाद्या नेत्याची पडद्यावरची कारकीर्द मांडायची, तर माहितीपटांची नावं आणि सालं लिहून भागत नाही. प्रत्येक फिल्ममध्ये तो माणूस कोणत्या नात्यानं आलाय, ही सूचीतली सगळ्यात मोलाची नोंद असते. उदाहरणाला यशवंतराव चव्हाण घेऊ. नोव्हेंबर १९६२ मध्ये ते संरक्षणमंत्री झाले, १९६३ मध्ये नाशिकमधून लोकसभेवर बिनविरोध गेले, पुढे गृह, अर्थ आणि परराष्ट्र खातीही सांभाळली.

एक्सेलमध्ये किंवा आखीव वहीत हे रकाने पाडा: फिल्मचं नाव, भाषा, निर्माती संस्था, चित्रीकरणाचं साल, प्रदर्शनाचं साल, दिसण्याची सुरुवात आणि शेवट (तास-मिनिट-सेकंद), नातं, शॉट क्रमांक, ओळख कशी पटली.

नात्याचे पाच प्रकार पुरतात. कॅमेऱ्यासमोर बोलतो, दिसतो पण त्याचा आवाज नाही, नुसता आवाज, फक्त छायाचित्र, नटानं साकारलाय. शेवटच्या प्रकाराचं पान वेगळंच ठेवा. जब्बार पटेल यांचा ‘यशवंतराव चव्हाण : बखर एका वादळाची’ २०१४ मध्ये आला आणि त्यात भूमिका अशोक लोखंडे यांनी केली. यशवंतराव १९८४ मध्येच गेले होते, त्यामुळे हा चित्रपट त्यांच्या स्वतःच्या दर्शनांत मोजायचा नाही.

दुसऱ्या प्रकारात सर्वाधिक चुका होतात. जुन्या वृत्तचित्रांचं चित्रीकरण बहुतेकदा मूकच असे. निवेदन आणि संगीत नंतर चढवलं जाई. पुढारी माइकसमोर उभा आहे, ओठ हलताहेत, एवढ्यावर ‘भाषण’ अशी नोंद करू नका. त्याचे स्वतःचे शब्द कानी पडले तरच पहिला प्रकार.

शॉट क्रमांकाचा रकाना गाळायचा मोह होतो, तो आवरा. एकदा टिपलेलं दृश्य पुढं कित्येक माहितीपटांत वापरलं जातं. त्या दृश्याला ‘य-०१’ असा कायमचा क्रमांक द्या आणि ते जिथं जिथं येईल तिथं तोच लिहा. नाहीतर १९६५ चं एकच दृश्य चार फिल्म्समध्ये सापडलं की चार वेगळे प्रसंग मोजले जातात, आणि म्हातारपणच्या माहितीपटात तरुण चेहरा पाहून साल चुकतं ते वेगळंच.

वेळेतही गोम आहे. फिल्म सेकंदाला २४ चौकटींनी चालते, आपल्याकडची टीव्ही टेप २५ नं. नुसता वेग वाढवून उतरवलेली एक तासाची फिल्म टेपवर ५७ मिनिटं ३६ सेकंदांतच संपते. म्हणून कोणती प्रत पाहिली ते लिहिल्याशिवाय वेळेला अर्थ नाही. प्रत पूर्ण आहे का हे रिळांवरून ताडता येतं: ३५ मिमीचं हजार फुटांचं रीळ साधारण ११ मिनिटं चालतं.

आता शोध. १९४८ मध्ये स्थापन झालेलं, सरकारी वृत्तचित्रं काढणारं फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आता एनएफडीसीत, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात, विलीन झालं आहे. विचारणा तिथंच करायची. इंग्रजी नोंदी धुंडाळताना ‘नासिक’ हे एच नसलेलं जुनं स्पेलिंग आधी टाका. नाशिकजवळच्या ओझर आणि देवळालीचीही दोन-दोन स्पेलिंगं करून पाहा. ही दोन नावं सोडू नका: ओझरचा मिग विमानांचा कारखाना १९६४ चा, म्हणजे यशवंतराव संरक्षणमंत्री असतानाचा, आणि देवळालीला तोफखान्याचं प्रशिक्षण केंद्र.

‘गृहमंत्री चव्हाण’ एवढीच ओळ दिसली की थांबा. यशवंतराव आणि शंकरराव, दोघेही मुख्यमंत्री होते, दोघेही केंद्रात गृहमंत्री आणि अर्थमंत्री झाले. यशवंतरावांचं गृहखातं १९६६ ते १९७० आणि पुन्हा १९७९-८० मध्ये काही महिने, शंकररावांचं १९८० च्या दशकात आणि पुन्हा १९९० च्या दशकात. रंगीत चित्रण असेल तर शंकररावांची शक्यता आधी तपासा, पण रंगावरून निकाल देऊ नका.

स्थळ पटवायला रामकुंड, काळाराम मंदिराचा काळा दगड, गोदाघाटाच्या पायऱ्या अशा ठळक खुणा धरा. तारखेसाठी सार्वजनिक वाचनालयात, म्हणजे आपल्या सावानात, त्या आठवड्याच्या जुन्या वृत्तपत्रांची चौकशी करा. चेहरे ओळखायला पंचवटीतल्या किंवा जुन्या नाशकातल्या जाणत्यांना दृश्य दाखवा, मात्र नाव तुम्ही आधी सुचवायचं नाही, आणि दोघांना वेगवेगळं विचारायचं. एकदा नाव कानावर पडलं की समोरच्याला तोच चेहरा दिसू लागतो. दोघांचं जमलं नाही तर ओळखीच्या रकान्यात ‘संशयित’ लिहा आणि ती नोंद एकूण आकड्यात धरू नका.

दृश्य कुठं दाखवायचं असेल तर हक्क पाहा. भारतात फिल्मचा स्वामित्व हक्क प्रकाशनाच्या पुढल्या वर्षापासून ६० वर्षं टिकतो. १९६४ च्या वृत्तचित्राची मुदत २०२४ अखेर संपली. मात्र तेच दृश्य नव्या माहितीपटातून उचललंत तर त्या माहितीपटाचे हक्क आडवे येतात, म्हणून मूळ वृत्तचित्राचीच प्रत मागा.